तुकडा आणि गाठ

घोडेगावात तहसील कचेरीकडे जाणाऱ्या रस्त्यावर माझे झेरॉक्सचे दुकान आहे. त्याला आता २७ वर्षे झाली. माझे शिक्षण बारावीपर्यंतचे. त्यापुढचे सारे लोकांच्या कागदांवरून झाले. सातबारा, फेरफार, खरेदीखते, मधूनच एखाद्या वाड्यातून निघालेले मोडीतले दस्त. मोडी शिकले तीही एका वृद्ध गृहस्थांच्या कागदांच्या प्रती काढता काढता. गेली पंधरा-सोळा वर्षे जुन्नर-आंबेगावातल्या घराण्यांची आणि धरणाखाली गेलेल्या वस्त्यांची टिपणे करते आहे. डिंभे धरणाच्या पाण्यात जुने आंबेगाव गेले. तालुक्याला नाव उरले, गाव उरले नाही. अशा ठिकाणी कागदाला फार महत्त्व येते. कागद काय सांगतो आणि काय लपवतो, हे आपल्याला थोडेफार कळते असे मी समजत होते.

गेल्या वर्षी पुनर्वसनाच्या काही नोंदींसाठी आत्याच्या घरातली लोखंडी पेटी उघडली. आत्याचा मुलगा शेजारी बसला होता. तळाशी, हिरड्याच्या हिशेबाच्या वहीखाली, एक पिवळट लिफाफा निघाला. आत मुंबईतल्या एका रुग्णालयाचा टंकलिखित इंग्रजी कागद आणि त्याला टाचलेली एक चिठ्ठी. तारीख जून १९८६ ची. तो आत्याच्या तपासणीचा अहवाल होता.

आमच्या घरात आत्याच्या मरणाची एक गोष्ट आहे. मी ती इतक्या वेळा ऐकली आहे की, कोणी कोणत्या शब्दावर थांबते तेही मला पाठ आहे. गोष्ट अशी: आत्याला थोडे बरे वाटत नव्हते म्हणून मुंबईला नेले. तिथे डॉक्टरांनी पिशवीच्या तोंडाचा तुकडा काढला. तुकडा काढला आणि आग भडकली. आठ महिन्यांत बाई संपली. या गोष्टीवरून आमच्या घरात एक नियमच झाला होता: काही झाले तरी तुकडा काढू द्यायचा नाही. चुलतीने याच नियमाने स्तनातली गाठ दोन वर्षे झाकून ठेवली. माझ्या स्वतःच्या घराण्याच्या टिपणवहीत, आत्याच्या नावापुढे, मी माझ्याच हाताने लिहिले होते: 'तुकडा काढल्याने गेली, फेब्रुवारी १९८७.'

तो इंग्रजी कागद मी शब्दकोश घेऊन वाचायला बसले. मोडी वाचताना जसे एकेक अक्षर सोडवायचे, तसेच. त्यातल्या प्रत्येक शब्दामागे इतिहास आहे हे हळूहळू लक्षात आले. हा लेख त्या वाचनाचा आहे. मी डॉक्टर नाही. जे लिहिते आहे ते वाचून, विचारून आणि ताडून पाहिलेले आहे.

तुकडा

कागदातली मधली ओळ तुकड्याची होती: गर्भाशयमुखातून घेतलेला ऊतीचा लहान तुकडा, निदान 'स्क्वेमस सेल कार्सिनोमा'. म्हणजे त्या भागावरच्या पातळ, चपट्या पेशींच्या थरातून उद्भवलेला कर्करोग.

अशा तऱ्हेने तुकडा काढून रोग ओळखण्याची कल्पना १४५ वर्षांहून जुनी आहे. १८७८ मध्ये बर्लिनच्या कार्ल रूगे आणि योहान फाइट यांनी गर्भाशयमुखाचा तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली पाहून साधी जखम आणि कर्करोग यांत फरक करता येतो हे मांडले. त्याआधी डॉक्टर बोटाने आणि डोळ्याने ठरवत. लालसर, खरखरीत दिसणारे प्रत्येक मुख कर्करोगाचे नसते, आणि कर्करोगाचे प्रत्येक मुख तसे दिसत नाही. निदान चुकले तर निरोगी बाईवर जीवघेणी शस्त्रक्रिया होई, किंवा रोगी बाई घरी पाठवली जाई. पुढच्याच वर्षी, १८७९ मध्ये, पॅरिसचे त्वचारोगतज्ज्ञ एर्नेस्ट बेनिये यांनी या पद्धतीला 'बायोप्सी' हे नाव दिले. ग्रीक शब्दांची ही जोड आहे. अर्थ, जिवंताचे दर्शन. मेलेल्याची चिरफाड करून रोग कळत होता. जिवंतपणी कळावा म्हणून हा शब्द.

तुकडा म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर सुरी येते. प्रत्यक्षात तो चिमट्यासारख्या हत्याराने घेतलेला, काही मिलिमीटरचा, ज्वारीच्या दाण्याएवढा कण असतो. तो फॉर्मेलिनमध्ये घालतात, म्हणजे सडत नाही. मग पाणी काढून मेणात बसवतात आणि मायक्रोटोम नावाच्या यंत्राने त्याचे काप करतात. एक काप मिलिमीटरच्या दोनशेव्या भागाइतका किंवा त्याहून पातळ. काचेवर ठेवून त्याला दोन रंग देतात. त्यातला निळसर-जांभळा रंग हिमॅटॉक्सिलीन, जो मध्य अमेरिकेतल्या एका झाडाच्या लाकडातून निघतो. गुलाबी रंग इओसीन. पेशींची केंद्रे जांभळी होतात, बाकीचा भाग गुलाबी.

मग विकृतिशास्त्रज्ञ काय पाहतो? आमच्याकडच्या भातखाचराचे उदाहरण मला सर्वांत जवळचे वाटते. वरच्या पेशींचा थर आणि खालची ऊती यांच्यामध्ये एक नाजूक पडदा असतो, खाचराच्या बांधासारखा. थरातल्या पेशी बिघडल्या, वेड्यावाकड्या वाढल्या, पण बांधाच्या आत आहेत, तोवर ती कर्करोगाची पूर्वावस्था. या अवस्थेतून पुढे जायला बहुधा बरीच वर्षे लागतात, आणि तेवढ्या वेळात साध्या उपचाराने तो थर काढून टाकता येतो. बांध फुटून पेशी खाली उतरल्या की तो कर्करोग. बांध फुटला आहे की नाही, हे डोळ्याला दिसत नाही आणि बोटालाही लागत नाही. ते सांगणारी एकच वस्तू आहे, तो तुकडा.

तुकडा नेमका कुठून घ्यायचा, हाही प्रश्न होता. १९२५ मध्ये जर्मनीत हान्स हिन्सेलमान यांनी कोल्पोस्कोप बनवला: गर्भाशयमुख मोठे करून दाखवणारी, प्रकाशाची सोय असलेली दुर्बीण. तिथे ॲसिटिक आम्ल, म्हणजे व्हिनेगरमधले आम्ल, सौम्य करून लावले की बिघडलेला भाग पांढरट दिसतो. व्हिएन्नाच्या वॉल्टर शिलर यांनी १९२८ च्या सुमारास आयोडीन वापरले. निरोगी भाग तपकिरी होतो, बिघडलेला होत नाही. पुढे जॉर्ज पापानिकोलाऊ यांची स्लाइडवर पेशी पसरून पाहण्याची पद्धत आली आणि १९४३ च्या ग्रंथाने जगभर गेली. पण या साऱ्या चाचण्या संशय दाखवणाऱ्या. निकाल देणारा तुकडाच.

आत्याच्या अहवालात तुकड्याच्या ओळीच्या वर आणखी दोन ओळी होत्या. एक, तक्रारीची: 'अनियमित रक्तस्राव व पांढरा स्राव, १४ महिने.' दुसरी, तपासणीची: रोग डाव्या बाजूला ओटीपोटाच्या हाडाच्या भिंतीपर्यंत पोहोचला आहे, अवस्था ३-बी. ही तपासणी तुकडा काढण्याच्या दिवशीचीच होती.

मी त्या दोन ओळींवर बराच वेळ थांबले. म्हणजे मुंबईच्या डॉक्टरांनी चिमटा हातात घेण्यापूर्वीच रोग भिंतीला टेकला होता. तुकड्याने आग लावली नव्हती. आग चौदा महिने जळत होती, तुकड्याने फक्त तिचे नाव सांगितले. नाव कळले आणि मरण आले, हा क्रम खरा. आम्ही क्रमालाच कारण समजलो. जुन्या कागदांच्या अभ्यासात ही चूक मी दुसऱ्यांच्या लेखनात अनेकदा दाखवली आहे.

गाठ

शेवटच्या ओळीपाशी मी पुन्हा अडखळले: 'जांघेतील लसिका ग्रंथी हाताला लागत नाहीत.' ही ओळ वाचून आत्याचा मुलगा म्हणाला, "बघ, गाठ नव्हतीच. म्हणजे पसरलं नव्हतं."

मुंबईला नेण्यापूर्वी गावच्या जाणत्यांनीही हेच म्हटले होते. आपल्याकडे पायाला काटा रुतून पिकला की जांघेत जी दुखरी गाठ येते तिला अवधाण म्हणतात. पायातले विष वर चढू नये म्हणून शरीराने बसवलेला तो पहारा, हे शेतकऱ्याला कोणी शिकवावे लागत नाही. लसिका ग्रंथी म्हणजे हेच पहारे. शरीरभर सूक्ष्म पाटांचे जाळे असते, त्यातून लसिका नावाचा पातळ द्रव वाहतो, आणि पाटांच्या वाटेवर या घेवड्याच्या दाण्यासारख्या ग्रंथी असतात. कर्करोगाच्या पेशीही याच पाटांतून निघतात आणि वाटेवरच्या पहाऱ्यात अडकतात. तिथे त्या सापडल्या, तर रोग घर सोडून बाहेर पडला असे समजायचे.

पुणे जिल्ह्याला गाठ तपासण्याची एक जुनी, कडवट आठवणही आहे. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला आणि तिथून पुण्यात. त्या काळच्या मराठीत त्याला ग्रंथिक सन्निपात म्हणत. काखेत, जांघेत गाठ येणे ही त्याची खूण. रेल्वे स्थानकांवर प्रवाशांच्या काखा-जांघा चाचपल्या जात. १८९७ च्या मार्चपासून पुण्यात रँडच्या प्लेग समितीच्या हाताखाली सैनिकांनी घरोघर झडत्या घेतल्या. बायकांच्या तपासणीवरून लोकांत संताप उसळला आणि २२ जून १८९७ च्या रात्री चाफेकर बंधूंनी रँडवर गोळी झाडली. त्याच साथीत, १० मार्च १८९७ रोजी, रुग्णांची सेवा करताना सावित्रीबाई फुले प्लेगने गेल्या. एकाच महिन्यातल्या या दोन गोष्टी मी शेजारी शेजारी ठेवून पाहते. रोग्याला हात लावण्याच्या दोन तऱ्हा होत्या. आपल्याकडच्या बायकांच्या मनात जांघेतली तपासणी आणि बेअब्रू यांची जी सांगड आहे, तिचे एक मूळ त्या वर्षात असावे असे मला वाटते.

पण गर्भाशयमुखाच्या बाबतीत जांघ चाचपून फारसे कळत नाही, आणि इथेच आमच्या घराची दुसरी चूक होती. गर्भाशयमुखाचे पाट जांघेकडे जात नाहीत. ते ओटीपोटाच्या आत, मोठ्या रक्तवाहिन्यांच्या कडेने असलेल्या ग्रंथींकडे जातात, आणि तिथून वर, कण्यासमोरच्या महाधमनीलगतच्या ग्रंथींकडे. जांघेतल्या ग्रंथी बहुधा रोग योनीच्या खालच्या भागापर्यंत उतरला तरच सुजतात. आत्याला अवधाण नव्हते, याचा अर्थ रोग चुकीच्या वेशीवर शोधला होता.

या आतल्या गाठींपर्यंत पोहोचण्याचा इतिहास मोठा आहे. व्हिएन्नाच्या एर्न्स्ट वेर्टहाइम यांनी नोव्हेंबर १८९८ मध्ये पोट उघडून गर्भाशय, आजूबाजूची ऊती आणि वाढलेल्या ग्रंथी एकत्र काढण्याची शस्त्रक्रिया सुरू केली. सुरुवातीला तिच्यात अनेक बायका दगावल्या. पुढे किरणोपचार आल्यावर ती मागे पडली. १९४० च्या दशकात बोस्टनच्या जो मीग्ज यांनी ओटीपोटातल्या ग्रंथी पद्धतशीर काढण्याची जोड देऊन ती पुन्हा उभी केली. आपल्या देशात कोलकात्याच्या डॉ. सुबोध मित्रांनी योनिमार्गाने गर्भाशय काढून ग्रंथी वेगळ्या छेदाने काढण्याची रीत बसवली. जगातल्या ग्रंथांत ती त्यांच्याच नावाने ओळखली जाते.

तरीही रोगाची अवस्था ठरवताना गाठी मोजल्या जात नव्हत्या. या अवस्थांची पद्धत १९२९ मध्ये राष्ट्रसंघाच्या काळात सुरू झाली. पुढे ती फिगो या स्त्रीरोगतज्ज्ञांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाकडे आली. तिचा आधार होता डॉक्टरचे बोट, डोळा आणि साधी तपासणी. कारण सरळ होते: हा रोग गरीब देशांत जास्त, आणि तिथे स्कॅनची यंत्रे नाहीत, ज्या मापाने व्हिएन्ना मोजायची त्याच मापाने खेडेही मोजता आले पाहिजे. माप सर्वांना सारखे झाले, पण बोटाला न लागणारी गाठ मापाबाहेर राहिली. २०१८ मध्ये फिगोने नियम बदलला. आता स्कॅनमध्ये किंवा सूक्ष्मदर्शकाखाली ओटीपोटातली ग्रंथी बाधित दिसली तर अवस्था ३-सी-१, महाधमनीलगतची दिसली तर ३-सी-२. मूळ गाठ कितीही लहान असो.

याचा उपयोग निव्वळ वर्गवारीचा नाही. ग्रंथीत रोग गेला असेल तर नुसत्या शस्त्रक्रियेने भागत नाही. किरणे आणि त्यासोबत औषध, हा मार्ग घ्यावा लागतो. सिस्प्लॅटिन हे औषध किरणांबरोबर दिल्यास अधिक बायका जगतात, हे १९९९ मध्ये अनेक चाचण्यांतून स्पष्ट झाले. म्हणजे गाठीचे उत्तर आधी कळले तर बाईवर दोन-दोन उपचारांचा मारा टळतो. अलीकडे 'पहिला पहारा' शोधण्याची पद्धतही आली आहे. गर्भाशयमुखात रंग किंवा सौम्य किरणोत्सारी द्रव टोचतात, तो पाटांतून ज्या ग्रंथीत सर्वांत आधी पोहोचतो ती काढतात आणि तिचे अनेक पातळ काप पाहतात. दोन मिलिमीटरहून लहान ठिपकाही त्यात सापडतो. ती निर्मळ निघाली तर बाकीच्या ग्रंथी काढण्याची गरज कमी होते. सर्व ग्रंथी काढल्यावर पायांना जी कायमची सूज येते, ती टळू शकते.

आत्याच्या वेळी यातले काही नव्हते. तिच्या आतल्या गाठी कोणी पाहिल्या नाहीत. ३-बी हे तिचे माप बोटाने घेतलेले होते.

परळ आणि बार्शी

जुन्नर-आंबेगावचे आणि मुंबईचे नाते सांगायला नको. आमच्या भागातली कितीतरी घरे गिरण्यांवर, गोद्यांवर, डब्यांच्या व्यवसायावर चालली. आत्याचे यजमान लालबागला गिरणीत होते. १८ जानेवारी १९८२ ला संप झाला, आणि वर्ष-दीड वर्षाने ते गावी परतले ते कायमचेच. नोकरीबरोबर कामगार विम्याचा आधारही गेला. आत्याच्या अंगावरून जायला लागले ते त्यानंतर.

हा विरोधाभास मला सलतो. कर्करोगाच्या अभ्यासाचे आपल्या देशातले पहिले मोठे केंद्र या गिरण्यांच्याच मध्ये, परळला होते. आत्या गेली ते रुग्णालय निराळे. पण टाटा स्मारक रुग्णालय २८ फेब्रुवारी १९४१ ला तिथे सुरू झाले. त्याच्या प्रयोगशाळेत डॉ. वसंत रामजी खानोलकर तुकडे वाचत बसत. भारतीय विकृतिशास्त्राचे जनक म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. हजारो तुकडे वाचून त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी निराळाच प्रश्न विचारला: कोणत्या समाजात कोणता कर्करोग अधिक आणि का? हिंदू स्त्रियांत गर्भाशयमुखाचा अधिक, पारशी स्त्रियांत स्तनाचा. १९६३ मध्ये डॉ. दा. जे. जस्सावाला यांच्या पुढाकाराने मुंबईत देशातली पहिली लोकसंख्याधारित कर्करोग नोंदणी सुरू झाली. तुकडा एका बाईचे निदान सांगतो. हजार तुकडे समाजाचे.

खेड्यांची अशी नोंद मात्र कोणी ठेवली नव्हती. ती सुरू झाली १९८७ मध्ये, बार्शीला. आत्या गेली तेच साल. बार्शीच्या कर्करोग रुग्णालयाचे डॉ. भ. म. नेने आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बार्शी, परंडा आणि भूम या तीन तालुक्यांतल्या ३४६ गावांची नोंदणी हाती घेतली. खेड्यात नोंदीसाठी रुग्णालयात बसून भागत नाही, कारण रोगी तिथवर येतच नाही. म्हणून त्यांचे कार्यकर्ते गावोगाव फिरत, सभा घेत, लक्षणे सांगत, बायकांना विचारत: अंगावरून जाते का? अवेळी रक्त दिसते का? नोंदीसाठी सुरू केलेल्या या विचारण्याचा एक परिणाम काही वर्षांतच दिसला. गर्भाशयमुखाच्या कर्करोगाच्या बायका पूर्वीपेक्षा लवकरच्या अवस्थेत येऊ लागल्या. १९९५ मध्ये हे निष्कर्ष आंतरराष्ट्रीय नियतकालिकात छापून आले. नवे यंत्र नव्हते, औषध नव्हते. फक्त कोणीतरी विचारत होते.

तिथूनच पुढचा मोठा अभ्यास झाला. उस्मानाबाद, आताच्या धाराशिव जिल्ह्यात, ५२ गावगटांतल्या ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ स्त्रिया त्यात होत्या. एका गटाची विषाणूची एचपीव्ही चाचणी, दुसऱ्याची पेशींची स्लाइड, तिसऱ्याची ॲसिटिक आम्ल लावून डोळ्याने पाहणी. चौथ्या गटाला नेहमीचीच सेवा. ज्यांच्यात संशय आला त्यांची कोल्पोस्कोपी आणि गरजेप्रमाणे तुकडा. आठ वर्षांच्या पाठपुराव्याचे निष्कर्ष २००९ मध्ये प्रसिद्ध झाले: एचपीव्ही चाचणीच्या गटात या रोगाने ३४ मृत्यू, चौथ्या गटात ६४. पहिल्या गटात सुमारे ३४ हजार स्त्रिया होत्या, चौथ्यात सुमारे ३१ हजार. इतर दोन गटांत एवढी स्पष्ट घट दिसली नाही. मुंबईच्या वस्त्यांत टाटा रुग्णालयाच्या डॉ. सुरेंद्र शास्त्रींच्या अभ्यासात मात्र, वैद्यकीय पदवी नसलेल्या प्रशिक्षित कार्यकर्त्यांनी दर दोन वर्षांनी केलेल्या आम्लाच्या पाहणीने मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले.

आमच्या घरच्या नियमाला याहून मोठे उत्तर मला सापडले नाही. तुकड्याने आग भडकत असती, तर जिथे शोधून शोधून तुकडे काढले, तिथे मरणे वाढली असती. ती निम्म्यावर आली.

विचारले कोणी?

इथे लेख संपवला असता तर 'अडाणी समजूत आणि शहाणे शास्त्र' अशी सोपी गोष्ट झाली असती. पण तुकड्याचा इतिहास तेवढा स्वच्छ नाही, आणि भीती निव्वळ अडाणीपणातून येत नाही.

१९५१ च्या सुरुवातीला अमेरिकेत बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स रुग्णालयात हेन्रिएटा लॅक्स ही ३० वर्षांची कृष्णवर्णीय स्त्री रक्तस्रावाची तक्रार घेऊन आली. गर्भाशयमुखाचा तुकडा निदानासाठी घेतला गेला. उपचाराच्या वेळी आणखी एक तुकडा संशोधनासाठी घेतला, तिला न विचारता. ती ४ ऑक्टोबर १९५१ ला गेली. तिच्या पेशी प्रयोगशाळेत वाढतच राहिल्या आणि जगभर वापरल्या गेल्या. घरच्यांना ते कळायला वीसहून अधिक वर्षे लागली. न्यूझीलंडमध्ये ऑकलंडच्या राष्ट्रीय महिला रुग्णालयात पूर्वावस्थेच्या रोगी स्त्रियांवर पुरा उपचार न करता त्यांना वर्षानुवर्षे नुसते 'पाहत' ठेवले. १९८७-८८ मध्ये न्यायमूर्ती कार्टराइट यांच्या चौकशीने ते उघड केले. आपल्याकडच्या मुंबई आणि उस्मानाबादच्या अभ्यासांवरही आक्षेप आहे: चौथ्या गटातल्या, म्हणजे तपासणी न मिळालेल्या बायकांचे काय? त्यांना पुरेसे सांगितले होते का? त्यावेळी देशातल्या खेड्यांना तपासणी मिळतच नव्हती, हे संशोधकांचे उत्तर. ते खरे आहे, आणि तरी प्रश्नही खरा आहे.

आत्याच्या लिफाफ्यातली ती चिठ्ठी मी शेवटी वाचली. ती किरणांच्या उपचारासाठी पुन्हा येण्याची तारीख होती. त्या तारखेला आत्या मुंबईला गेली नाही. घरातल्या पुरुषांनी ओसरीवर बसून ठरवले की, तुकड्याने इतके झाले, आता शेक घेतला तर काय होईल. त्या बैठकीत माझे वडीलही होते. आत्या आत चुलीपाशी होती. रुग्णालयात तुकडा काढताना तिला काय समजावले गेले, मला ठाऊक नाही. पण शेक न घेण्याचे ठरवताना तिला कोणी विचारले नाही, हे मात्र मी स्वतः पाहिले आहे. मी १७ वर्षांची होते, चहाचे कप उचलत होते.

जुन्नर हे नागनिकेच्या शिलालेखाचे गाव. नाणेघाटात दोन हजार वर्षांपूर्वी एका राणीने केलेली दाने दगडात कोरून ठेवली आहेत. बाईचा शब्द नोंदवण्याची एवढी जुनी परंपरा आम्ही पर्यटकांना अभिमानाने दाखवतो.

चार वर्षांपूर्वी आमच्याकडे झालेल्या एका शिबिरात माझी तपासणी झाली. आम्लाने एक पांढरा डाग दिसला. पुण्याला जाऊन तुकडा द्यावा लागेल म्हणाले. घरी सांगितले तेव्हा आईने ताट बाजूला सारले. मी तेव्हा तुकडा दिला तो शास्त्रावर विश्वास होता म्हणून नव्हे. पेटी तर अजून उघडायची होती. डॉक्टर बाईंनी चिमटा आधी माझ्या हातात दिला, किती बारीक आहे ते पाहा म्हणाल्या, आणि विचारले, "घेऊ का?" एवढ्यावर मी हो म्हटले. मुंगी चावल्यासारखे झाले, दोन दिवस थोडे रक्त दिसले. दहा दिवसांनी कागद आला: जुनाट दाह, कर्करोग नाही. ज्या आजाराला बायका एकमेकींत कुजबुजून चारित्र्याशी जोडतात, त्यामागे एक अतिशय सामान्य विषाणू असतो, हे त्यानिमित्ताने वाचले. हाराल्ड त्सुर हाउझेन यांनी १९८३-८४ मध्ये तो शोधला आणि २००८ मध्ये त्यांना नोबेल मिळाले. लग्न झालेल्या, घराबाहेर न पडलेल्या बाईलाही तो होतो. त्यावरची देशी लस आता आपल्याच पुण्यात बनते.

आत्याचा अहवाल वाचून झाला त्या संध्याकाळी मी तो आईला मराठीत सांगितला. आई आता ८१ वर्षांची आहे. तुकड्याची ओळ तिने ऐकून घेतली, गाठीचीही. 'चौदा महिने' म्हटले तेव्हा मात्र ती थांब म्हणाली.

"वन्सं मला सांगायच्या," ती म्हणाली. "विहिरीवर. धुणं धुताना. दोनदा-तीनदा सांगितलं. मीच म्हनलं, पाळी जायच्या टायमाला व्हतंच असं, कुनाला सांगू नका."

मी काही बोलले नाही. तिनेही पुढे काही सांगितले नाही. थोड्या वेळाने तिने विचारले की, तो कागद पुन्हा पेटीत ठेवणार का. मी म्हटले, ठेवते, पण एक झेरॉक्स आपल्याकडे राहू दे.

रात्री टिपणवही काढली. आत्याच्या नावापुढची जुनी ओळ खोडली आणि खाली लिहिले: 'जून १९८६ च्या अहवालानुसार त्यापूर्वी १४ महिने अंगावरून जात होते. सांगत होती.'